बावीस मिनिटांचा सामना

ज्युनियर आइस हॉकीचा सामना बावीस मिनिटं चालतो. दहा मिनिटांचा पहिला डाव, दोन मिनिटं विश्रांती, दहा मिनिटांचा दुसरा डाव. हे मी कुठं वाचलेलं नाही. चार सामने मनगटावरच्या घड्याळात पाहून मोजले आणि चारही वेळा बावीसच भरले. मी प्राथमिक आरोग्य केंद्रात परिचारिका आहे. बाळ बाहेर आलं की मुलगा-मुलगी पाहण्याआधी मी घड्याळ पाहते, आणि पाहिलेली वेळ लगेच लिहून ठेवते. पंचवीस वर्षांत ही सवय अंगात मुरली आहे. तिचा त्रास झाला तो माझ्या मुलीला.

आमच्या डोणगावात आइस हॉकी कशी आली, असं लोक विचारतात. मी आणली. मुलगी नववीत होती, पायात जोर होता, शाळेच्या कबड्डी संघात होती. तेव्हा सरकारी नोकरीतल्या खेळाडूंच्या आरक्षणाला कोणकोणते खेळ चालतात, याची एक यादी मोबाइलवर फिरत होती. आमच्याकडे बरेच पालक आधी ती यादी पाहतात आणि मग लेकराला कोणता खेळ आवडतो ते ठरवतात. मीही तेच केलं. औषधसाठ्याचं रजिस्टर तपासावं तशी एकेक ओळ खाली आले. कबड्डी, खो-खो, कुस्ती यांना गावागावात गर्दी. आइस हॉकीपुढे आमच्या भागात कोणीच नव्हतं. त्याच सुमारास मेहकरला एक सर चाकांचे स्केट्स शिकवायचे. जिल्हा संघटनेचे सचिवही तेच होते, आणि संघटना म्हणजे जवळपास तेच एकटे होते. त्यांना विचारलं तर म्हणाले, "चाकांवर शिकू द्या मॅडम, बर्फावर आपोआप जमते."

मुलीनं एकच प्रश्न विचारला.

"आई, पन बर्फ कुठी हाय?"

"बर्फाचं नंतर पाहू. तू पळायला शीक."

सराव धान्य बाजाराच्या सिमेंटच्या ओट्यावर व्हायचा, लिलाव नसेल त्या दिवशी. आधी सगळ्या मुलींनी खराटे घेऊन ओटा झाडायचा. चाकाखाली हरभरा आला तर तो चिरडतो. सोयाबीन आलं तर माणूस आडवा होतो. माझी मुलगी अशाच एका दाण्यावरून पडली आणि हनुवटी फुटली. त्या दिवशी डॉक्टर रजेवर होते, तीन टाके मीच घातले. ती रडली नाही. मीही रडले नाही, कारण पुढचा रुग्ण बाहेर बसला होता.

गावात थट्टा व्हायचीच. डोस द्यायला गेले की बाया विचारायच्या, "मॅडम, तुमची पोरगी कुल्फीच्या गाड्यावर खेळते म्हनते, खरं हाय का?" मी म्हणायचे, "हो, तुमची पण पाठवा. पण आधी कडेवरच्या बाळाला पोलिओचा डोस पाजू द्या."

दोन वर्षांनी राज्य स्पर्धेचं पत्र आलं. मुलींचा संघ होता, त्यामुळे सोबत एक बाई लागणार होती. मी रजा टाकली आणि व्यवस्थापक म्हणून गेले. संघात नऊ मुली होत्या. त्यातली एक गोलकीपर आणि बाकी आठ पळणाऱ्या. गोलकीपर देऊळघाटची, माझ्या मुलीच्याच वयाची, अंगानं दणकट आणि तोंडानं त्याहून. तिनं क्रिकेटचे पॅड बांधले होते आणि पोटाला माझी जुनी गोधडी दोरीनं आवळली होती. "मावशी, मले आता चेंडू लागला तं झोप येईन," ती म्हणाली आणि सगळ्या हसल्या.

मोठ्या शहरातल्या एका मॉलच्या तळघरात बर्फाचं मैदान होतं. मैदान म्हणजे आमच्या ओट्याहून थोडं मोठं. आत पाऊल टाकलं आणि लसींच्या फ्रिजचं दार उघडल्यावर येते तशी थंडी चेहऱ्यावर आली. आमच्या मुलींनी तोवर बर्फ पाहिला होता तो सरबताच्या गाडीवर. भाड्यानं घेतलेले पात्यांचे बूट घालून पहिल्या सहा जणी आत गेल्या आणि सहाही पडल्या. सातवी कठड्याला धरून उभी राहिली आणि सरांना म्हणाली, "सर, हे आपोआप जमत नाही जी."

आयोजकांनी आधीच सांगितलं की मॉल उघडायच्या आत सगळं उरकायचं आहे. बर्फ सकाळी सहा ते नऊ एवढाच वेळ मिळणार होता, दोन दिवस. मुलांचे सामने, मुलींचे सामने, सगळं त्यातच. म्हणून दहा-दहा मिनिटांचे दोन डाव, आणि खेळ थांबला तरी घड्याळ थांबवायचं नाही. मैदान लहान म्हणून पाच जणींऐवजी तिघीच पळणार, आणि एक गोलकीपर. कोणी हरकत घेतली नाही. सर म्हणाले, "चालते." मीही म्हटलं, चालतं. दोन मिनिटं पळून मुलींना धाप लागायची, त्यामुळे दर दोन मिनिटांनी तिघी बाहेर आणि तिघी आत करायच्या होत्या. मुलींच्या सामन्यांची शिट्टी आणि नोंदींचे कागद आयोजकांनी सरांकडे दिले होते, हे काम माझ्याकडे आलं. मी घड्याळ पाहून "बदल!" असं ओरडायचे आणि डायरीत लिहायचे. सामना सुरू सहा वाजून चाळीस मिनिटं, संपला सात वाजून दोन मिनिटं. असे चार सामने.

मुलींचे संघ चारच आले होते. तीन सामने आम्ही हरलो. चौथा तिसऱ्या क्रमांकासाठी होता. त्यात माझी मुलगी गोलपाशी घसरली, पोटावर सरकत गेली आणि बर्फावर चेंडूऐवजी असते ती रबरी चकती तिच्या काठीपुढून तिच्या आधी आत गेली. दोन विरुद्ध एक. गोलकीपर गोधडीसकट धावत येऊन तिच्या अंगावर पडली. चारांत तिसरे आलो आणि प्रमाणपत्र मिळालं. 'राज्यस्तरीय ज्युनियर स्पर्धा, तृतीय क्रमांक.' त्या कागदासाठीच गेलो होतो, हे मी लपवत नाही.

त्यानंतर मुलगी बर्फावर कधीच गेली नाही. तिनं पदवी घेतली, आणि पुढची तीन वर्षं स्पर्धा परीक्षांचा अभ्यास केला. गोलकीपर तिच्या आधी लागली. त्याच प्रमाणपत्रावर, शिपाई म्हणून पोलिसांत. तिच्या घरात पगार आणणारी तीच एकटी आहे. वडील अंथरुणाला खिळलेले आणि धाकट्या दोन बहिणी शिकणाऱ्या. माझ्या मुलीचा नंबर यायला आणखी वर्ष गेलं. मग लिपिकाच्या परीक्षेत महिला खेळाडूंच्या एका जागेसाठी तिचं नाव पहिलं आलं. आता फक्त प्रमाणपत्राची पडताळणी उरली होती. क्रीडा कार्यालयाचा शिक्का पडला की नेमणूक होणार होती.

पडताळणीला आम्ही दोघी गेलो. बाहेरच्या बाकांवर पंधरा-वीस उमेदवार बसले होते आणि जवळपास सगळे मोबाइलमध्ये पाहून काहीतरी पाठ करत होते. शेजारी एक दाढीवाला तरुण डोळे मिटून पाढा म्हणावा तसं म्हणत होता, "तीन डाव, वीस-वीस मिनिटं, मधात पंधरा-पंधरा. तीन डाव, वीस-वीस मिनिटं..."

मी विचारलं, "कोणता खेळ रे बाबा?"

"आइस हॉकी, काकू."

"कुठं खेळलास?"

त्यानं डोळे उघडून आधी वडिलांकडे पाहिलं. वडील म्हणाले, "त्याले डिस्टर्ब नका करू, मॅडम."

माझी मुलगी माझ्या कानाशी आली. "आई, हे लोक येगळंच सांगून राह्यले. मी बी वाचून घेऊ का?"

मी म्हटलं, "तुला काय वाचायचं? जे खेळले नाहीत ते वाचतात. तू जे केलं ते सांग." मला तेव्हा मनातून जरा अभिमानच वाटला होता.

मला आत जाऊ दिलं नाही, पण दार उघडं होतं आणि बाक दाराला लागून होता. अधिकारी माणूस शांत होता, आवाज चढवत नव्हता. कोणत्या जागेवर खेळायचीस, काठी कशी धरतात, चकती कशाची असते, हे सगळं त्यांनी विचारलं. तिनं भराभर सांगितलं.

"सामना किती वेळ चालतो?"

"वीस मिनिटं, सर. मधला वेळ धरला तर बावीस."

आत कागद उलटल्याचा आवाज आला.

"ज्युनियरचा?"

"हो सर."

"नक्की?"

"हो सर. आमच्या आईनं घड्याळ लावून मोजलंय."

ते हसले असावेत, कारण मुलगीही हसत बाहेर आली. "चांगलं झालं," ती म्हणाली. तिच्यानंतर दाढीवाला आत गेला. त्याला तोच प्रश्न विचारला आणि त्यानं पाढा म्हटला. मी बाकावर बसून ऐकत होते, आणि तेव्हाच मला कळायला हवं होतं. मला कळलं नाही. आम्ही खाली जाऊन पोहे खाल्ले.

पंधरा दिवसांनी पत्र आलं. उमेदवाराला खेळाच्या मूलभूत नियमांची माहिती नाही, सबब स्पर्धेतील प्रत्यक्ष सहभाग संशयास्पद, प्रमाणपत्र अमान्य. एकदा अमान्य झालेलं प्रमाणपत्र या जागेलाच नाही, पुढं कुठल्याच जागेला चालत नाही. हरकत घ्यायची असेल तर अमुक दिवसांत.

मी त्याच दिवशी हरकत लिहायला बसले. जन्माच्या वेळेवरून भांडण झालं तेव्हा माझं रजिस्टर कोर्टात चाललं होतं, इथं का चालणार नाही? जुनी डायरी काढली, चारही सामन्यांच्या पानांच्या छायाप्रती काढल्या, प्रत्येकीवर सही केली. 'माझी मुलगी जे बोलली ते अचूक आहे. सोबत वेळेच्या नोंदी.' नोंदणीकृत टपालानं पाठवून दिलं. सरांना विचारलं नाही. विचारायचं सुचलंच नाही.

आठवड्याभरात सर घरी आले. चपला न काढता दारातच उभे राहिले.

"मॅडम, हे तुमी लिहून काऊन देल्लं?"

"खरं आहे म्हणून."

"खरं हाय म्हनूनच तं!" त्यांनी खिशातून घडी घातलेलं पत्र काढलं. कार्यालयानं त्यांच्याकडून स्पर्धेचं सगळं रेकॉर्ड मागवलं होतं. "नियमात साठ मिनिटं हायेत. म्या कागदावर साठच लिहेल हायेत. सगळेच लिहितात. बर्फ कोन देते आपल्याले साठ मिनिटं? आता तुमचा कागद खरा धरला तर स्पर्धाच नियमात बसत नाही. स्पर्धा गेली का सगळ्याइचे सर्टिफिकेट गेले."

"सगळ्यांचे म्हणजे?"

"नवाच्या नवू पोरी. ते देऊळघाटची नोकरीवर हाये, तिचं बी. नोकरी लागेल असली तरी काढतात, मॅडम. तुमी सरकारी मानूस, तुमाले काय सांगू?"

मी चहा ठेवला. त्यांनी घेतला नाही. जाताना मुलीला म्हणाले, "बेटा, तू बी अशी कशी वं? साठ म्हनून मोकळं व्हाचं नं."

मुलगी म्हणाली, "सर, तुमीच तं दहा मिनिटाची शिट्टी मारत होते."

सर पत्र खिशात घालून निघाले. त्यांचं चुकलं होतं असंही मी म्हणणार नाही. त्यांनी नऊ मुलींना दोन वर्षं फुकट शिकवलं आणि मिळाला तेवढ्या बर्फावर खेळवलं. बर्फ कमी पडला, तो त्यांनी कागदावर भरून काढला.

सुनावणीला या वेळी मलाही आत बोलावलं, कारण डायरी माझी होती. टेबलावर एका बाजूला माझ्या चार छायाप्रती होत्या, दुसऱ्या बाजूला सरांचं रेकॉर्ड. त्यात प्रत्येक सामना साठ मिनिटांचा. अधिकाऱ्यांनी मूळ डायरी मागितली, पानं चाळली. सामन्यांच्या मागच्या-पुढच्या पानांवर लसीकरणाच्या याद्या होत्या, किराणा होता, कोणाचा तरी रक्तदाब होता.

"बाई, ही डायरी खोटी नाही, हे मला दिसतंय," ते म्हणाले. "तुमची मुलगी खेळली आहे, हेही दिसतंय. पण मी लिहू काय ते तुम्हीच सांगा. सामना बावीस मिनिटांचा झाला असं लिहिलं, तर ती स्पर्धा नियमानुसार झालेलीच नाही. मग तिच्यावर दिलेलं एकही प्रमाणपत्र टिकत नाही, हिचंही नाही. साठ मिनिटांचा झाला असं लिहिलं, तर हिला तेवढंही माहीत नव्हतं, म्हणून आधीचा निर्णय कायम."

"म्हणजे दोन्हीकडून हिला नाहीच," मी म्हटलं.

"हो."

"मग खरं आहे ते लिहा. निदान खोटी म्हणून तरी राहणार नाही."

"आई, थांब." मुलगी खुर्चीत पुढं सरकली. "सर, ज्या आधीच नोकरीत लागल्या, त्यांचंही जाईल?"

"सगळ्यांचंच. मला तसं कळवावं लागेल."

"आणि आम्ही हरकत मागं घेतली तर?"

"तर हा कागद माझ्यासमोर आलाच नाही. तुमच्यापुरता निर्णय होईल आणि विषय संपेल. आज पाच वाजेपर्यंत ठरवा."

आम्ही बाहेर व्हरांड्यात आलो. मी तिला सांगितलं की मी हरकत मागं घेणार नाही. तिला खोटी ठरवून मला घरी जायचं नाही. दहा वर्षं गेली त्यात. ती म्हणाली, "आई, माही नोकरी तं गेलीच. तिची घालवून मले काय भेटते?"

"तुझं नाव साफ राहील."

"कोनापाशी? साहेबाले माहीत हाये. तुले माहीत हाये. अजून कोनाले सांगाचं हाये?"

तिनं समोरच्या दुकानातून कोरा कागद आणला आणि भिंतीला टेकवून उभ्यानंच अर्ज लिहिला. हरकत मागं घेत आहोत. कारण लिहायला हवं होतं. तिनं थोडा विचार केला आणि लिहिलं, 'डायरीतील नोंदी सराव सामन्यांच्या असून गैरसमजातून जोडल्या गेल्या.' मग कागद माझ्यापुढे धरला. "नोंदी तुह्या हायेत. सही तुहीच लागते."

मी नोकरीत पहिल्या दिवसापासून एक पाळलं आहे. वेळ चुकीची लिहायची नाही आणि चुकीच्या वेळेखाली सही करायची नाही. बाळ मध्यरात्रीनंतर दोन मिनिटांनी झालं आणि घरच्यांना मुहूर्तासाठी आदल्या दिवसाची तारीख हवी असली, तरी मी दिलेली नाही. आमदाराच्या ओळखीचे आले तरी दिलेली नाही. त्या दिवशी मी सही केली. अक्षर नेहमीसारखंच आलं. अधिकाऱ्यांनी अर्ज वाचला, माझ्याकडे पाहिलं आणि छायाप्रती मला परत दिल्या. "मुलगी चांगली आहे तुमची," ते म्हणाले. मी म्हटलं, "त्याचं प्रमाणपत्र मिळतं का कुठं?" असं बोलायला नको होतं, त्यांचा काही दोष नव्हता.

परतीच्या बसमध्ये जागा मिळाली. मुलीनं खिडकी घेतली. निम्मा रस्ता झाल्यावर तिचा फोन वाजला. देऊळघाटची होती. तिला यातलं काहीच माहीत नव्हतं आणि सांगायचं नाही असं आमचं न बोलता ठरलं होतं. बसचा आवाज इतका की मुलीनं फोनचा आवाज मोठा केला, त्यामुळे मलाही सगळं ऐकू येत होतं.

"काय वं, झालं का तुहं काम? पार्टी कधी देतं?"

"नाही झालं."

"काऊन?"

"एक प्रश्न चुकला."

"कोनता?"

"सामना किती वेळ चालते म्हने."

पलीकडून जोरात हसू आलं. "अवं माय! इतकं बी नाही आलं तुले? तीन डाव, वीस-वीस मिनिटं. मी तं बाथरूममधी बी पाठ करत होती. तू काय सांगतलं?"

मुलीनं माझ्याकडे पाहिलं नाही.

"भलतंच सांगतलं," ती म्हणाली. "ध्यानातच नाही राह्यलं."

"पागल हायेस तू. इतकी खेळली अन् इतकं साधं... जाऊ दे, रडू नोको. पुढच्या टायमाले मले विचारून जाजो."

"हाव," मुलगी म्हणाली. "पुढच्या टायमाले इचारीन."

तिनं फोन ठेवला. पुढची वेळ नाही, हे आम्हा दोघींनाही माहीत होतं. मेहकर आलं तेव्हा ती झोपली होती, निदान डोळे मिटलेले होते. मी तिला हलवलं नाही. आपल्याला डोणगावला उतरायचं आहे, अजून थोडा वेळ आहे.